रडकी रेघ

१

माझ्या केकला चारचौघांत नावं ठेवणारा माणूस अजून जन्माला यायचाय, असं मी आजवर समजत होते. पण तो जन्मून चौऱ्याहत्तर वर्षं झाली होती, आणि त्यातली चाळीस तरी त्यानं माझ्याच स्वयंपाकघरात बसून खाल्लं होतं. आमच्या चर्चचा डीकन, म्हणजे पाद्र्याच्या खालोखालचा सेवक, लुशियस बोहॅनन.

शनिवारची गोष्ट. मोर्चाहून परतलेली दोन-अडीचशे माणसं चर्चच्या हॉलमध्ये जेवायला बसली होती. माझा पाउंड केक मधल्या टेबलावर होता. लोणी, साखर, मैदा, अंडी, सगळं पौंडाच्या मापात, आणि वरून असा सोनेरी की पाहूनच पोट भरावं. मी सुरी उचलली तर हा माणूस टोपी हातात धरून पुढे आला आणि म्हणाला, "वर्नेल, हा आज कापू नकोस. झाकून ठेव. बाकीचं गोड पुष्कळ आहे."

कानाशी वाकून बोलला, पण त्याचा कुजबुजता आवाज तिसऱ्या टेबलापर्यंत जातो. बायकांच्या माना वळल्या.

"का रे? माझ्या केकला काय महारोग झालाय?"

"तसं नव्हे गं. उद्या काप. घरी."

"लुशियस, तुझ्या कॉरिननं मरेपर्यंत माझ्याकडून ही रीत शिकायचा प्रयत्न केला. जमलं नाही तिला. आणि तू मला शिकवतोस?"

त्यानं टोपी डोक्यावर ठेवली आणि मागच्या कब्रस्तानातलं गवत कापायचं राहिलंय म्हणून निघून गेला. मी रागारागानं सुरी घातली, पहिला तुकडा आडवा केला, आणि माझाच हात थबकला.

तळापासून दोन बोटांवर ओली, चिकट, पिवळी पट्टी. आमच्यात तिला रडकी रेघ म्हणतात. केक ओव्हनमध्ये अर्धामुर्धा फुगलेला असताना दार आपटलं की तो आतल्या आत बसतो. वरून काही कळत नाही. वरून सोनंच दिसतं.

चौपन्न वर्षांत माझ्या केकात रेघ आली नव्हती. कोपऱ्यातल्या दोघीजणी तोंडावर रुमाल धरून हसल्यासुद्धा. त्यांची नावं माझ्या लक्षात आहेत.

त्यांना काही सुनवायला मी तोंड उघडलं, तोच स्वयंपाकघरामागच्या कोठीतून ॲर्झीलिया पूल हिची किंकाळी आली.

"वर्नेल! फोन नाही! अगं, माझ्या पर्समध्ये फोन नाही!"

२

तो फोन म्हणजे माझ्या मुलाचा जीव होता.

आयझेया माझा मधला. घरचे त्याला झे म्हणतात. अठ्ठेचाळीस वर्षांचा आहे, शाळेची पिवळी बस चालवतो. आमच्या डनमोर फेरी गावातली गोरी पोरं आणि आमची काळी पोरं त्याच्या बसमध्ये एका सुरात ओरडत शाळेला जातात. दहा दिवसांपूर्वी, बुधवारी, ब्रँट नावाच्या पोलिसानं त्याची मोटार अडवली. म्हणे मागचा दिवा बंद होता. पुढचं माझ्या तोंडून निघत नाही. त्याचा जबडा तारांनी बांधलाय. डाव्या डोळ्याचं विचारलं की डॉक्टर खिडकीबाहेर बघतात. आणि हात हॉस्पिटलच्या पलंगाला बेडीनं जखडलाय, कारण कागदावर असं लिहिलंय की हल्ला झेनं केला, ब्रँटनं फक्त स्वतःचा बचाव केला. ते कोर्टात टिकलं तर दहा वर्षं आत.

म्हणून आमचं सगळं गाव रस्त्यावर आलं होतं. रोज संध्याकाळी कोर्टाच्या पायऱ्यांवर, आणि शनिवारी मोर्चा.

ॲर्झीलिया शिवणकाम करते. झेला अडवलं ते तिच्या खिडकीखाली. भाचीनं दिलेला फोन तिनं खिडकीत धरला आणि बटण दाबलं. तिच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. काय टिपलं गेलं ते तिलाही धड दिसलं नव्हतं. ती फक्त म्हणायची, "पोलीस दोन होते. एक मारत होता, एक पायाशी बसला होता." पोलिसांच्या कागदात एकच पोलीस. लोक म्हणायचे, ॲर्झीलियाला चंद्रही दोन दिसतात.

ॲटलांटाच्या वकीलबाईंनी शुक्रवारी फोनवरून बजावलं होतं. कुणाला दाखवू नका, कुठे पाठवू नका, मोर्चात तर मुळीच नेऊ नका, रस्त्यात हिसकावून घेतील. चर्चमध्ये ठेवा. शनिवारी साडेचारला मी येते, माझ्यासमोर उघडू. सोमवारी सकाळी नऊला न्यायाधीशापुढे उभं राहायचं होतं.

ते बोलणं झालं तेव्हा खोलीत आम्ही पाचजण होतो. मी, ॲर्झीलिया, आमचा तरुण पाद्री एमेट गेदर, मेथडिस्ट चर्चची मार्जी केटल, आणि डीकन लुशियस. पर्स कोठीतल्या खुंटीवर टांगायची हेही तिथंच ठरलं. सहाव्या माणसाला ठाऊक नव्हतं.

मी कोठीत गेले. ॲर्झीलियाची पांढरी पर्स खुंटीवर जिथल्या तिथे होती. तिच्यात स्तोत्रांचं पुस्तक, पेपरमिंटच्या गोळ्या, हातमोजे. शेजारच्या नऊ पर्सांना कुणी बोटही लावलं नव्हतं.

"पोलिसांत कळवू या का?" ॲर्झीलियानं रडत विचारलं.

"हो तर. ज्यांच्या भल्याची चोरी, त्यांनाच चोर शोधायला लावू या." मी तिला खुर्चीत बसवलं. "फोनमधलं दुसरीकडे कुठे उतरवून ठेवलं होतंस का?"

"अगं, त्यातली बॅटरी लागली तर मला ती बंद करता येत नाही. उतरवून कुठलं ठेवतेय!"

घड्याळात चार वाजायला दहा मिनिटं होती. वकीलबाई यायला चाळीस मिनिटं. आणि आमच्या गावात नदी चर्चपासून पाचशे पावलांवर आहे. फोन एकदा तिच्यात पडला की माझा मुलगा दहा वर्षं गेला.

मी चौथीत शाळा सोडली. पण सहा भावंडं आणि तीन पोरं वाढवली आहेत, त्यामुळे डब्यातली साखर कोणी खाल्ली हे ओळखायला मला पोलीस लागत नाही. मी ॲप्रनला हात पुसले आणि सगळ्यांत आधी जिच्यावर सगळा हॉल डोळे रोखून बसलं होतं तिला स्वयंपाकघरात बोलावलं.

३

मार्जी केटल गोरी. आमच्यासाठी फलक रंगवायला पहिल्या दिवसापासून येत होती. तिच्या बहिणीचा नवरा पोलीस कचेरीत कारकून. आमच्या लोकांना आणखी काय हवं? खरं सांगते, मलाही आणखी काही नको होतं.

"बस," मी म्हटलं. "मोर्चा चर्चसमोर आला, मी पुढच्या पायऱ्यांवर पाणी वाटायला गेले, तेव्हा सव्वादोन. परत आले तेव्हा पावणेतीन उलटून गेले होते. तू कुठे होतीस?"

"हॉलमध्ये, मदर टॉलिव्हर. उरलेले फलक रंगवत होते." आमच्या चर्चमध्ये वडीलधाऱ्या बाईला मदर म्हणतात; टॉलिव्हर माझं आडनाव.

"एकटी?"

"एकटी." तिचा चेहरा बिटासारखा झाला. "मला माहितीये सगळे काय म्हणतायत. तुमच्या जागी मी असते तर मीही तेच म्हटलं असतं."

"माझ्या जागी तू नाहीस. तू तुझ्या जागेवरचं सांग. स्वयंपाकघरात कोण गेलं?"

"आतल्या दारानं कुणीच नाही. ते दार माझ्या समोरच होतं."

मी तिचे हात पाहिले. कोपरापर्यंत लाल रंग, सुकून तडकलेला. दिवसभर ती जिथे गेली तिथे तो गेला होता. नळावर, खुर्चीच्या पाठीवर, पाण्याच्या पिंपाच्या तोटीवर, हॉलच्या दाराच्या मुठीवर. मी येशूसारखं तिच्या मनात डोकावू शकत नाही, पण ॲर्झीलियाची पर्स बर्फासारखी पांढरी होती. खुंटीवर, बकलावर, पट्ट्यावर, लाल ठिपका कुठेही नव्हता.

"आणखी काही घडलं?" मी विचारलं, जरा मऊ आवाजात.

तिनं खाली पाहिलं. "बाहेर गाणं चालू होतं तेव्हा... एक आवाज आला. धाडकन. गोळी सुटल्यासारखा. मला वाटलं, पोलिसांनी सुरुवात केली. मी टेबलाखाली गेले."

"आवाज कुठून आला?"

"तेव्हा कळलं नाही. आता वाटतं, इथूनच आला. स्वयंपाकघरातून."

माझ्या स्वयंपाकघराचं मागचं दार कब्रस्तानाकडे उघडतं. त्याला जुनी स्प्रिंग आहे. हातानं धरून लावलं नाही तर ते बंदुकीसारखं वाजतं. म्हणून ओव्हनमध्ये केक असला की बाहेरच्या मुठीला मी लाल फडकं बांधते, आणि अख्ख्या मंडळीत असं शेंबडं पोरही नाही की ज्याला त्या फडक्याचा अर्थ कळत नाही. केक मी बरोबर दोनला आत सरकवला होता. तासाभरावर वीस मिनिटं लागतात.

म्हणजे रेघ आली ती तिथून. माझा केक बसवणारा आणि फोन नेणारा माणूस एकच होता.

"हे आधी का नाही सांगितलंस?"

"कारण टेबलाखाली मी एकटी नव्हते," मार्जी म्हणाली, "आणि दुसऱ्याला ते आवडलं नसतं."

४

हॉलला लागून पाद्री गेदरची अभ्यासिका, म्हणून पुढची पाळी त्याची. वय एकतीस. प्रवचन छान करतो, पण ताठ उभं राहायचं म्हटलं की त्याचे गुडघे विचार करू लागतात. शुक्रवारी दुपारी तो महापौरांना भेटून आला होता, हे गावात सगळ्यांना ठाऊक होतं, आणि हे सगळ्यांना ठाऊक आहे हे फक्त त्याला ठाऊक नव्हतं.

"पाद्रीबुवा, तुमचा कोट काढा."

"मदर टॉलिव्हर, माफ करा, पण..."

"काढा."

त्यानं काढला. पांढऱ्या शर्टाच्या खांद्यावर पाच लाल बोटं उमटली होती.

"वा! मोर्चा बाहेर, आणि मंडळीचे मेंढपाळ टेबलाखाली."

तो मटकन बसला. "आवाज आला तसा मी अभ्यासिकेतून धावत बाहेर आलो. मिसेस केटल खाली वाकलेल्या दिसल्या. त्यांना उठवायला म्हणून गेलो आणि... मीही खालीच बसलो. त्यांनी माझा खांदा धरला. गाणं चालूच राहिलं, तेव्हा समजलं की गोळी नव्हती."

"किती वेळ बसलात?"

"दोन कडवी."

मला हसू यायला हवं होतं. आलं नाही. दार आपटलं तर जमिनीवर आडवं व्हायचं, हे आमच्या पोरांना चालायच्या आधी शिकवावं लागतं. आता मार्जीही शिकली.

"महापौर काय म्हणाले?"

"मोर्चा थांबवा म्हणाले. म्हणाले, गाव शांत राहिलं तर आयझेयाचं प्रकरण सौम्यपणे हाताळू."

"आणि तुम्ही?"

"विचार करतो म्हणालो." त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. "नाही म्हणायला हवं होतं ना?"

"त्याचा हिशेब नंतर. आवाज झाला तेव्हा तुम्ही अभ्यासिकेच्या दारात होतात हे मार्जीनं पाहिलं?"

"समोरासमोर. आमची नजरानजर झाली."

अभ्यासिका हॉलच्या पलीकडच्या टोकाला. तिला मागचं दार नाही, आणि खिडकीला गज आहेत. मागचं दार आपटून कुणी एका क्षणात तिथे पोचेल, तर तो देवदूतच.

ज्यांना ठाऊक होतं ते पाचजण. मी आणि ॲर्झीलिया सोडून तीन. तिनातले दोन एका टेबलाखाली.

उरला तो आकडा मला मांडवेना. मी पाद्रीला म्हटलं, "वकीलबाई आल्या की त्यांना कॉफी द्या. आणि कुणाला जाऊ देऊ नका." आणि स्वयंपाकघराचं दार आतून लावून घेतलं. हळूच लावलं. सवय.

५

लुशियस नव्हे. मी स्वतःलाच बजावत राहिले, लुशियस नव्हे.

सोळा वर्षांचा असताना त्याला कोर्टाच्या पायऱ्यांवर फोडला होता. एकानं मागून दंड धरले आणि दुसऱ्यानं दंडुका घातला. माझ्या आईनं स्वतःचा ॲप्रन फाडून त्याचं कपाळ बांधलं, मी शेजारी तांब्या धरून उभी होते. ती खूण अजून आहे. दर वर्षी तो रविवारच्या शाळेत पोरांना सांगतो, "मारणाऱ्याचं नाव मी विसरलो. धरणाऱ्याचं अजून लक्षात आहे."

आणि सकाळपासून तो कब्रस्तानात गवत कापत होता. दर शनिवारी कापतो. मोर्चा असला तरी, कारण तिथं त्याची कॉरिन आहे.

कब्रस्तानातून थेट माझ्या मागच्या दाराशी पायवाट येते.

मी केकसमोर बसले. त्याची एक बाजू कापलेली, रेघ उघडी. बाकीचा अजून सुंदर. मी सुरीनं दुसऱ्या बाजूची साल खरवडली, बोटानं दाबून पाहिलं, उलटा करून बूड पाहिलं. बाहेरून कुठेही खूण नव्हती. ना भेग, ना खळगा. मी स्वतः तो साडेतीनला भांड्यातून काढला, बशीवर ठेवला, हॉलमध्ये नेला. चौपन्न वर्षं केक करणाऱ्या मला कळलं नव्हतं.

मग "कापू नकोस" असं त्याला कशावरून वाटलं?

मी सुरी खाली ठेवली. केक कापायच्या आधी आत रेघ आहे हे जगात फक्त एका माणसाला कळू शकत होतं. ज्याच्या हातून ते दार सुटलं त्याला. आणि दार आपटल्यावर केकचं काय होतं, हे चाळीस वर्षं माझ्या ओव्हनशेजारी बसून कॉफी पिणाऱ्या माणसाला वेगळं शिकवावं लागत नाही. त्यानं माझा अपमान केला नव्हता. चारचौघांत माझी फजिती होऊ नये म्हणून तो वाकून माझ्या कानाशी बोलला होता.

चोराच्या मनात चांदणं असतं म्हणतात. याच्या मनात माझा केक होता.

पण का? याचं उत्तर गुरुवारपासून माझ्या ॲप्रनच्या खिशात पडून होतं. झेला बोलता येत नाही. उजवा हात मोकळा असतो तेव्हा तो कागदावर लिहितो. गुरुवारी लिहिलं होतं, "मागून कुणीतरी म्हणत होतं, हलू नकोस झे, हलू नकोस." मला वाटलं, औषधांच्या गुंगीत आहे. मी कागद घडी करून ठेवला आणि त्याचं कपाळ पुसलं.

आता तो काढून पुन्हा वाचला. झे. ब्रँटला ते नाव कुठून ठाऊक असणार? ते घरचं नाव आहे. चर्चमधलं. माझ्या स्वयंपाकघरात वाढलेल्या पोरांच्या तोंडातलं.

ॲर्झीलियाला चंद्र दोन दिसत नव्हते. पोलीस दोनच होते. आणि डनमोर फेरीच्या पोलिसांत आमचा म्हणावा असा एकच आहे. त्याला बिल्ला मिळाला तेव्हा सगळी मंडळी उभी राहून टाळ्या वाजवत होती, आणि तो बिल्ला त्याच्या छातीवर त्याच्या बापानंच लावला होता. ऑरिन बोहॅनन. ऑरिनबद्दल कुणी विचारलं की लुशियस सांगायचा, "ऑरिन त्या दिवशी कामावरच नव्हता. बिचारा दहा दिवस तापानं अंथरुणाला खिळलाय."

दहा दिवस.

मी रेघ असलेला तुकडा बशीत घेतला, मागच्या दारानं बाहेर पडले आणि मुठीचं लाल फडकं सोडून खांद्यावर टाकलं.

६

गवत अर्धंच कापलेलं होतं. यंत्र मध्येच बंद पडल्यासारखं उभं. लुशियस कॉरिनच्या थडग्यापाशी गुडघ्यांवर बसला होता, हाताशी लहान खुरपं, आणि समोर ताज्या मातीचा खड्डा. वीतभर खोल. रिकामा.

मी बशी त्याच्यासमोर दगडावर ठेवली.

त्यानं रेघ पाहिली. माझ्याकडे मात्र पाहिलं नाही.

"मी सांगितलं होतं, कापू नकोस."

"हो. तेवढंच चुकलं तुझं."

त्यानं खुरप्यानं मातीत दोन रेघा मारल्या. मग कोटाच्या आतल्या खिशातून रुमालात गुंडाळलेलं काहीतरी काढून मांडीवर ठेवलं. कडेला ॲर्झीलियाच्या फोनची फुटकी काच दिसत होती.  मी थडग्याच्या दगडाला हात टेकला.

"फडकं पाहिलं होतं मी," तो म्हणाला. "आत जाताना दार धरलं होतं. हळू लावलं होतं. मग निघताना तू पायऱ्यांवरून ओरडलीस, मार्जी, पेले आण! मला वाटलं, तूच आत आलीस. हात सुटला."

"केकचं मला सांगू नकोस. ऑरिनचं सांग."

"त्यानं हात उचलला नाही, वर्नेल. देवाशपथ. एक फटका मारला नाही त्यानं."

"मग काय केलं?"

"पाय धरले. ब्रँट म्हणाला, धर, म्हणून धरले. त्याला वाटलं, झे हलला नाही तर ब्रँट थांबेल. तेच सांगत होता त्याला." त्याचा आवाज चिरकला. "दहा दिवस पोरगा जेवला नाही. भिंतीकडे तोंड करून पडलाय. ब्रँटनं सांगितलंय, तुझं नाव मी कागदावर घातलं नाही, आता तू माझ्यावर उपकार कर. फोनमधलं ते चित्रण बाहेर आलं तर तुरुंगात कोण जाईल, सांग. ब्रँटला सोडवायला दहाजण येतील. माझ्या पोराला कोण येईल? गोरे म्हणतील, बघा, यांच्यातलाच होता. आपले म्हणतील, विकला गेला. त्याला उभं राहायला जागा उरणार नाही."

हे खोटं नव्हतं.  ऑरिनला मी या हातांनी भरवलंय. झेनं त्याला सायकल शिकवलीय.

"मला एकच मुलगा आहे, वर्नेल."

"आणि मला तीन आहेत, म्हणून त्यातला एक मोडला तर चालेल?"

"तसं नाही म्हणालो मी."

"तेच म्हणालास. सकाळी मोर्चा निघताना माझ्यासाठी प्रार्थना केलीस. माझा हात हातात घेऊन. तेव्हा ठरलं होतं तुझं?"

 नदीवरून वारा आला. लांब चर्चच्या आवारात मोटारीचं दार लागलं. वकीलबाई आल्या होत्या.

"खड्डा खणून अर्धा तास झाला असेल," तो हळूच म्हणाला. "टाकवत नाही गं. कॉरिनच्या उशाशी कसा टाकू? नदीवरही जाऊन आलो जेवायला यायच्या आधी. तिथेही हात सुटला नाही." त्यानं रुमालासकट फोन माझ्यापुढे धरला.  "घे. तू घेऊन जा. मी दिला म्हणून सांगू नकोस, एवढंच कर. गवतात सापडला म्हण. चाळीस वर्षं तुझं मीठ खाल्लंय, त्याची आण."

माझ्या मुलाची दहा वर्षं त्या हातात होती. झडप घालून घ्यावा आणि पळत सुटावं, इतकंच मनात होतं. मी हात मागे बांधले.

"ऐक, लुशियस बोहॅनन. मिठाचं नाव तू काढलंस म्हणून सांगते. चोर तू आहेस, पण ते मी पोटात घालीन, बापानं केलेली चोरी आहे. दुसरं पोटात जात नाही. माझा केक चारचौघांत उघडा पडू नये म्हणून तू दोनशे माणसांत उठून आलास. केकची लाज राखलीस. आणि माझं पोर पलंगाला जखडून पडलंय, त्याची राखायला तुला दहा दिवसांत उठता आलं नाही. मारणाऱ्याचं नाव विसरतं, धरणाऱ्याचं विसरत नाही, हे पोरांना तूच शिकवलंस ना? मग तुझ्या घरातलं ते नाव गवतात सापडणार नाही. तो फोन मी घेणार नाही. तू उठायचंस, सगळ्यांच्या देखत हॉलमधून चालत जायचंस, वकीलबाईंच्या हातात तो ठेवायचास आणि ऑरिनचं नाव तुझ्या तोंडानं घ्यायचंस. मग घरी जाऊन त्याला अंथरुणातून उठवायचंस आणि सोमवारी नऊला कोर्टात उभा करायचास, ब्रँटनं काय केलं आणि आपण काय केलं ते सांगायला. त्याच्या एका बाजूला तू उभा राहा. दुसऱ्या बाजूला मी राहीन, कारण त्याला जागा उरणार नाही म्हणालास, तर जागा मी देते. पण ही बशी मी परत नेतेय. माझ्या स्वयंपाकघरात तुझी खुर्ची आहे तिथेच राहील, कॉफीही मिळेल, केक मात्र मिळणार नाही. ज्या दिवशी माझ्या झेच्या जबड्याच्या तारा निघतील आणि तो स्वतःच्या दातांनी माझा केक चावून खाईल, त्या दिवशी त्याला वाटलं तर तो तुला तुकडा देईल. मी देणार नाही. ऊठ आता. आणि आत जाताना दार हळू लाव."